पुस्तकाची इर्जिक

किसनभाऊंचा फोन आला तेव्हा मी लोणावळ्याला शाळेत सहावीच्या वह्या तपासत होते. "सुरेखा, बाई गेल्या," एवढंच ते म्हणाले... मग बराच वेळ फोनवर फक्त त्यांच्या दुकानातले आवाज येत राहिले, काट्यावर पोतं टेकवल्याचा, कुणीतरी भाव विचारल्याचा. नलिनीबाई तपासण्यांसाठी पुण्याला लेकीकडे गेल्या होत्या आणि तिथेच पहाटे झोपेत गेल्या. दुपारी किसनभाऊ, त्यांच्या गावातले म्हातारे शेतकरी आबा आणि मी असे तिघं मिळून पुण्याला गेलो, आणि परत येऊन कामशेत स्टेशनबाहेर उभे राहिलो. घरी जायला कुणाचाच पाय निघेना. शेवटी किसनभाऊ म्हणाले, "आता आपली इर्जिक मोडली म्हनायची." आबा म्हणाले, "का बरं मोडंल? मानसं हायत की." "मानसं हायत हो आबा, पन पुस्तक कोन सांगनार? तुमी सांगताय का मी?"  मग दोघांनीही माझ्याकडे पाहिलं आणि मी चपलेकडे पाहिलं.

इर्जिक म्हणजे काय हे मावळात सांगावं लागत नाही. एकाच्या शेतात काम अडलं की भावकीतली, शेजारची माणसं आपापले बैल, अवजारं घेऊन येतात आणि मिळून काम उरकतात. मजुरी कुणी घेत नाही. ज्याचं शेत, तो सगळ्यांना जेवू घालतो. नलिनीबाईंनी आम्हाला अशी पुस्तकाची इर्जिक लावली, आणि तीही कुठल्या पुस्तकांची, तर फ्रान्सच्या इतिहासाच्या. बाई पुण्याच्या एका शाळेत आयुष्यभर फ्रेंच शिकवत होत्या. दम्याला हवा बरी म्हणून निवृत्तीनंतर कामशेतला राहायला आल्या. किसनभाऊंच्या दुकानात तांदूळ घ्यायला जायच्या तेव्हा हातातल्या पिशवीत हमखास एखादं जाड पुस्तक असायचं. किसनभाऊ कॉमर्सला दोन वर्षं काढून वडिलांच्या दुकानात बसलेले. त्यांनी एकदा विचारलं की बाई, एवढं काय असतं हो त्यात? बाईंनी सांगायला सुरुवात केली. दुकानात गिऱ्हाईक थांबून राहिलं. पुढच्या रविवारी दुकानाच्या माळ्यावर, इंद्रायणी तांदळाच्या पोत्यांवर बसून, पाचसात जणांसमोर बाईंनी पिशवीतून ते पुस्तक काढलं, ब्लेड काढलं आणि पुस्तकाचा कणा सरळ उभा चिरला.

मी त्या पाचसात जणांत होते. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते, शेजारच्या कान्हे गावाहून यायचे. आमच्या घरात पुस्तकाला चुकून पाय लागला तर आई पुस्तक कपाळाला लावायला लावायची. माझ्या तोंडून "अहो बाई!" असं निघून गेलं. बाई शांतपणे म्हणाल्या, "अख्खं इंग्रजी पुस्तक यातल्या कुणाकडून वाचून होईल? तुझ्याकडून होईल?" नव्हतं होणार. "मग पूजेला ठेवू का?" त्यांनी एकेक प्रकरण सुटं करून एकेकाच्या हातात दिलं. ज्याने त्याने आपला वाटा घरी नेऊन, शब्दकोश घेऊन, जमेल तसा वाचायचा आणि पुढच्या खेपेला बाकीच्यांना आपल्या भाषेत सांगायचा. आबांना अक्षरओळख बेताची. ते म्हणाले, "मंग म्या काय करू?" बाई म्हणाल्या, "तुम्ही विचारा. न वाचलेल्या माणसाइतकं चांगलं कुणी विचारत नाही." याला इर्जिक हे नाव आबांनीच दिलं, आणि नाव इर्जिक म्हटल्यावर नियमही तोच आला, की पुस्तक ज्याचं, त्याने जेवण घालायचं. सगळ्यांचं सांगून झालं की किसनभाऊ पोती शिवायच्या दाभणाने आणि सुतळीने पुस्तक परत शिवून टाकायचे. अशी सुतळीची पुस्तकं बाईंच्या कपाटात खालच्या दोन फळ्यांवर होती. आलेल्या पाहुण्यांना त्या आधी तीच दाखवायच्या.

आता लोक विचारतात, फ्रान्सच का? किसनभाऊंनी तर बाईंना तोंडावर विचारलं होतं, "बाई, आपल्या मावळाचं सोडून त्या फ्रान्सचं काय घेऊन बसलाय?" बाई म्हणाल्या, "मला फ्रान्स येतो, तो मी देते. मावळ तुम्हाला येतो, तो तुम्ही द्या." आणि खरोखरच फ्रान्समधल्या शेतकऱ्यांवरच्या मीठकराचं प्रकरण चाललं असताना आबांनी त्यांच्या आजाच्या वेळचं बोरघाटातून मीठ यायचं ते असं काही सांगितलं, की बाई वही मागवून लिहून घेऊ लागल्या. बाई कधी राजांच्या यादीपासून फ्रान्स सुरू करायच्या नाहीत. मिठापासून, पावापासून, रस्त्यांपासून करायच्या. राजा आपोआप मध्ये येतोच, म्हणायच्या.

राजाची गोष्ट सांगितलीच पाहिजे. क्रांतीचं पुस्तक वाटलं तेव्हा राजाच्या मरणाचं प्रकरण नेमकं किसनभाऊंच्या वाट्याला आलं, आणि किसनभाऊ भाचीच्या लग्नात अडकले, मग आणखी एका लग्नात. त्यामुळे तो सबंध उन्हाळा आमच्या कामशेतात फ्रान्सचा राजा जिवंत होता. आबा दर खेपेला विचारायचे, "राजाचं काय झालं?" मला ठाऊक होतं, कॉलेजात शिकवलं होतं. मी तोंड उघडलं की बाई हात वर करायच्या. "तो वाटा किसनभाऊंचा आहे." शेवटी किसनभाऊ आले, पोत्यावर बसले आणि म्हणाले, "आबा, मारला हो. भर चौकात मान कापली." आम्हाला वाटलं आबा हळहळतील. आबांनी थोडा विचार केला आणि विचारलं, "मंग त्याचा सैपाकी कुटं गेला?" किसनभाऊ हसून हसून आडवे झाले. "आरं हसतोस काय? राजा गेला, सरदार गेले. मंग त्यांच्या भटारखान्यातली एवढी मानसं खानार काय?" बाई मात्र हसल्या नाहीत. त्यांचा चेहरा उजळला. पुढच्या महिन्यात त्या एक पुस्तक घेऊन आल्या, मोठ्या घरांतले बेकार झालेले आचारी पॅरिसमध्ये खाणावळी कशा घालू लागले त्याचं. त्या दिवशी त्यांनी आम्हाला कांद्याचं फ्रेंच सूप केलं होतं. आबांनी एक घोट घेतला आणि म्हणाले, "बाई, ग्वाड हाय. आता ह्यात पीठ कवा लावनार?"

आणि एकदा बाईंनी मला वाटा दिला तो शाळांचा. फ्रान्सच्या खेड्यापाड्यांत लोक आपापल्या बोली बोलायचे. शाळेत ती बोली तोंडून निघाली की काही ठिकाणी मास्तर मुलाच्या गळ्यात लाकडाचा तुकडा अडकवायचे, आणि तो काढून टाकायचा तर दुसरा कुणी बोली बोलताना पकडून द्यावा लागे. मी ते घरी वाचलं आणि मला पुण्याच्या कॉलेजातला पहिला आठवडा आठवला. "आमी गेलतो" असं मी म्हणाले होते आणि मागच्या बाकावरून कुणीतरी ते गाण्यासारखं म्हणून दाखवलं होतं. त्यानंतर वर्गात मी बोलणंच सोडलं होतं. त्या रविवारी माळ्यावर मी तो वाटा माझ्या घरच्या बोलीत सांगितला, पहिल्यापासून शेवटपर्यंत, न थांबता. बाईंनी मला नंतर काही समजावलं नाही, शाबासकीही दिली नाही. "पुढचा कोण?" एवढंच म्हणाल्या. आज मी वर्गापुढे ताठ उभी राहते ती त्या दिवसापासून. आमच्या घरातली मी पहिली पदवीधर. पदवी कॉलेजने दिली, आवाज बाईंनी.

बाईंच्या लेकीने ते कपाट आहे तसं किसनभाऊंच्या माळ्यावर पाठवून दिलं. तरी प्रश्न उरलाच होता... पुस्तक कोण सांगणार? मी कपाटासमोर दोन रविवार बसले. वरच्या फळ्यांवर न चिरलेली पुस्तकं होती. त्यातलं एक निवडलं, भाकरीसाठी पॅरिसहून भर पावसात राजाच्या महालावर चालत गेलेल्या बायकांचं. किसनभाऊंना फोन करून मी म्हणाले, "येत्या रविवारी. पुस्तक माझं." ते म्हणाले, "मंग जेवान पन तुझंच."

त्या रविवारी माळ्यावर ब्लेड मी हातात घेतलं. पहिली चीर वाकडी गेली. पण वाटे पडले. पुढच्या रविवारी सगळे सांगायला जमले तेव्हा आई माझ्यासोबत आली, कारण आमटी-भाताची पातेली एकटीने नेणं शक्य नव्हतं. ती पहिल्यांदाच त्या माळ्यावर चढली. जिन्याजवळ पदर सावरून बसली, जेवण वाढेपर्यंत थांबते म्हणाली. आम्ही एकामागून एक सांगत गेलो, त्या बायका कशा निघाल्या, कशा भिजल्या, राजाला कसं शहरात घेऊन आल्या. शेवटचा वाटा संपला. आबा नेहमीप्रमाणे काहीतरी विचारणार, इतक्यात जिन्याकडून आवाज आला.

"येवढ्या बाया गेल्या, तर त्यांची अंगावर पिनारी पोरं हुती कुनापाशी?"

 किसनभाऊंनी आपली पानं उलटून पाहिली. मी माझी पाहिली. आबांनी सगळ्यांची तोंडं पाहिली आणि मांडीवर थाप मारली. "कुनाच्याच वाट्यात न्हाई! मंग फुडलं पुस्तक त्येच्यावरच."

"पण आई, असं पुस्तक असेल की नाही कोण जाणे," मी म्हणाले.

आईने पातेल्यावरचं झाकण काढलं आणि भात मोकळा करू लागली. "मंग हुडीक की," ती म्हणाली. "शिकलीयास ना?"