अपात्रांचा पुकारा

पुकाराबाबू रिकाम्या खुर्च्यांना नावानं हाक मारायचे. साडेचार वाजले की अपात्र उमेदवारांची यादी घेऊन ते भरती शाखेच्या हॉलमध्ये मधोमध उभे राहायचे, कोर्टातला शिपाई देतो तसा एकेका नावाचा पुकारा द्यायचे आणि प्रत्येक नावानंतर थांबायचे. एखादा माणूस उठून ‘हजर’ म्हणेल इतका वेळ थांबायचे. हॉलमध्ये त्या वेळी चाळीस लोखंडी खुर्च्या आणि टाइप करणारी मी, एवढंच असे. त्यांचं खरं आडनाव ऑफिसात कोणाच्या लक्षातच राहिलं नव्हतं.

मी तिथे कंत्राटी ऑपरेटर होते. खापरखेड्याच्या वीज केंद्रात राख उपसणाऱ्या बापाची पोरगी, घरातली पहिली बी.कॉम. हे मी मुद्दाम सांगते, कारण ते सोपं नव्हतं. भुतंखेतं आमच्या घरात कोणी मानत नाही. तरी त्या पहिल्या आठवड्यात टाइप करता करता मी चारदा मागे वळून पाहायची.

शेवटी विचारलंच, “बाबूजी, यादी तर वेबसाइटवर लागते. इथं कोण ऐकून राहिलं?”

“ज्याचं नाव हाये तो. तू टाइप कर वं, मधात बोलू नको.”

कधीकधी एखाद्या नावापाशी ते अडायचे. मान तिरकी करून खिडकीकडे बघत राहायचे, मग यादीवर पेन्सिलीनं टिंब करायचे आणि ती फाइल पुन्हा उघडायचे. बहुतेक वेळा आत चूक निघायची. कोणाचं पदवी प्रमाणपत्र दुसऱ्याच्या अर्जाला टोचलेलं, कोणाचं वय चुकीचं मोजलेलं. मी स्वतःला समजवायची की दिवसभर फाइली वाचणाऱ्या माणसाच्या मनात कुठेतरी खटकलेलं असतं, तेच संध्याकाळी वर येतं. त्यांना विचारलं तर म्हणायचे, “तुले आवाज नाही आला का?”

एकदा चहा पिताना त्यांनी स्वतःहून सांगितलं. ते नवे असताना पावसाळ्यात दोन अर्ज ओलीनं एकमेकांना चिकटले आणि एकाचं कारण दोघांवर पडलं. “त्यातलं एक पोरगं दर महिन्याले येऊन खिडकीजवळ बसे. एकच विचारे, बाबूजी, मी काहून बाद झालो? मी म्हणो, वरून आलं. चिकटलेला कागद सापडला तवापासून ते आलंच नाही. पत्त्यावर पाहून आलो, तिथंही नाही.”

“मग?”

“मग काही नाही. त्याची खुर्ची करकरायची थांबली नाही, बस.” कूलरमधलं पाणी संपलं हे सांगावं तसं त्यांनी ते सांगितलं आणि बशी खाली ठेवली.

त्यांचं एक वाक्य शाखेत सगळ्यांना पाठ होतं: “नाही म्हणाचा सरकारले हक्क हाये. काहून ते न सांगाचा नाही.”

त्या उन्हाळ्यात कायम लिपिकाच्या जागा निघाल्या. मी लेखी परीक्षा पास झाले. घरी आईनं शेजारणींना सांगूनही टाकलं. आणि एका संध्याकाळी नेहमीसारखी मी अपात्रांची नावं ऐकून टाइप करत असताना पुकाराबाबूंनी माझं नाव घेतलं. बापाच्या नावासकट, पूर्ण. आवाजात जराही फरक नाही.

नेहमीसारखेच ते थांबले. माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही, खिडकीकडे पाहिलं. माझी बोटं कीबोर्डवर तशीच. कूलर बंद होता, दार लावलेलं होतं, आणि खिडकीजवळची खुर्ची कोणी सावरून बसावं तशी करकरली. मी ऐकलं. बी.कॉम. झालेल्या बाईनं ऐकलं.

“हजर,” मी म्हणाले. तो आवाज मला माझा वाटला नाही.

“ऊठ,” ते म्हणाले. “आता तू उमेदवार हायेस. बाहेर बस.”

एक गोड शब्द नाही. राग आला मला. ते यादी घेऊन साहेबांच्या केबिनमध्ये गेले आणि दाराबाहेर उभी राहून मी आतलं बोलणं ऐकलं. साहेब नुकतेच बाहेरगावाहून बदलून आले होते.

“यात काय कारण लिहिलं, साहेब? ‘तफावत.’ कायची तफावत?”

“आजोबाच्या दाखल्यावर वेगळी जात, वडलांच्या दाखल्यावर बौद्ध. स्पष्ट आहे.”

“साहेब, हे नागपूर हाये. इथं आजा आन् बापाच्या मधात छप्पन सालची दीक्षा येते.”

साहेब म्हणाले, “शेजारी बसते म्हणून तिची बाजू घेता?”

“म्हणूनच तिले बाहेर काढलं. तिची एकटीची फाइल नका उघडू. या कारणाचे अकरा हायेत. अकराच्या अकरा उघडा, नाहीतर एकही नको.”

अकरा जणांना नोटिसा गेल्या, सुनावणी झाली, माझी निवड झाली. तोवर पुकाराबाबू निवृत्त होऊन महाल भागातल्या त्यांच्या खोलीत अंथरुणाला खिळले होते. मी संत्रा बर्फी घेऊन गेले.

“किती आले सुनावणीले?”

“दहा. अकराव्याची नोटीस परत आली, बाबूजी. वाडीचा पत्ता होता, खोली सोडून गेला म्हणतात.”

त्यांनी डबा उघडलाच नाही. “मंग मले कायची बर्फी चारून राहिली?”

आठव्या दिवशी ते गेले.

मी त्याच शाखेत रुजू झाले. पहिल्या सुटीला शहराच्या कडेला असलेल्या वाडीला गेले. ट्रकांच्या गोदामांमागे तीन खोल्यांमध्ये विचारत विचारत त्या पोराचा नवा पत्ता काढला आणि साहेबांकडून दुसरी नोटीस काढून घेतली. तो आला. जातीचा प्रश्न सुटला, पण टायपिंगचं प्रमाणपत्र अर्जाच्या मुदतीनंतरचं निघालं. तो अपात्रच राहिला. या वेळी कारण दोन ओळींत लिहिलेलं होतं, नियमासकट, साहेबांच्या सहीनं.

त्यानं ते उभ्यानं दोनदा वाचलं. कागद नीट घडी करून शर्टाच्या खिशात ठेवला.

“समजलं, ताई,” तो म्हणाला आणि जिना उतरून गेला.