पिवळी पट्टी

जपानमधल्या इचिकावात जेवणाचे डबे भरायच्या कारखान्यात ती माझ्या शेजारी उभी असायची. मास्कवर फक्त डोळे दिसत. जमिनीवरच्या पिवळ्या पट्टीवर ती खाली न बघता अचूक पाय ठेवायची. मी विचारलं, तर मोडक्या जपानीत म्हणाली, "लहानपणी रशियात सिनेमात होते. जमिनीवर पट्टीची खूण असायची, खाली न बघता तिथंच उभं राहायचं. मोठी झाले, कामं संपली. सवय राहिली."

रडायचा सीन असला की दिग्दर्शक तिच्या कानात सांगायचा, तुझी आई मेली. मेल्याला दुसरं काही सुचत नव्हतं? शॉट संपला की आई कॅमेऱ्यामागून येऊन तिला कडेवर घ्यायची.

"गेल्या महिन्यात खरंच तसा फोन आला," भात भरत ती म्हणाली. "रडूच येईना. अजून वाट बघतेय, शॉट संपायची."

पाय पट्टीवरून तसूभरही हलले नव्हते.