रडणं तेवढं माह्यं

"संवाद ही म्हणेल. तू फक्त रड."

दिग्दर्शक असं म्हणाला तवा मी सीताबर्डीतल्या आवाज भरायच्या खोलीत माइकपुढं उभी होती. दोस्तांनी वर्गणी काढून केलेला सिनेमा. मुख्य काम माह्यं. सगळे संवाद पंधरा दिवस घोकून आली होती. अन् बाजूले दुसरीच बाई कागद घेऊन बसलेली. चांगल्या घरची, नाटकात काम करणारी.

"काहून?" मी इचारलं.

"तुझं बोलणं खिचडी आहे गं. अर्धं वऱ्हाडी, अर्धं हिंदी. गावची बाई वाटत नाही."

घ्या! माहा बाप नरखेडकडचा, दीक्षा घेतलेला, लोकाईच्या संत्र्याच्या बगीच्यात राबलेला. माय छत्तीसगडची, मिलमधी कामाले आलेली. घरात दोन बोल्या, रस्त्यावर तिसरी. ते सगळं माह्या तोंडात आहे. अन् ती बाई कागदावरचं "व्हय जी, म्या बी येतू" वाचून राहिली होती. तसं नरखेडकडं कोणाचा बापबी बोलत नाई.

रडणं मात्र तिले जमे ना.

"तुमच्या बायकांसारखं रडणं हिला येत नाही," दिग्दर्शक हसत म्हणाला.

मी रडली. सांगाले लाज वाटते, पण त्यानं सांगतलं तितक्यांदा रडली. पहिला सिनेमा होता. वाटलं, नाई म्हटलं तं चेहराबी कापून टाकतीन. शेवटी खरंच रडू फुटलं. तो म्हणे, "वा! हेच ठेवू."

सिनेमाच्या खेळाले मायले घेऊन गेली. पडद्यावर माह्यं तोंड उघडलं तशी ती माह्याकडं पाहाले लागली. "ये तोर आवाज नोहय," तिच्या बोलीत हळूच म्हणाली. हा तुझा आवाज नाई. लोकं टाळ्या वाजवून राहिले होते.

दिवाळीनंतर त्याच दिग्दर्शकानं नाटकासाठी बोलावलं. मोठी भूमिका, तिन्ही अंक स्टेजवर. मी वही चाळली. माह्या नावापुढं एकबी वाक्य नाई.

"मुकी आहे ती," तो म्हणाला. "तुला तर सोपंच."

तालमीले धा-बारा जण बसलेले. कोणी हसलंबी नाई, इतकं त्याईले ते बराबर वाटलं. मी वही त्याच्यापुढं ठेवली.

"मी मुकी नाई. दुसरी पाहा."

दुसरी आठ दिवसात भेटली. मले मंग कोणीच बोलावलं नाई. "लय नखरे आहेत तिचे," असं गावभर झालं. मी मिलमधी मायच्या खात्यात लागली. नाटकाची जाहिरात दिसली का अजूनबी उभी राहून नावं वाचते. कोणाचं काय वाकडं करू शकते मी?

पण एक ठरलं. आता भूमिका घेऊन कोणी दारात आला, तं तिची वाक्यं माह्याच तोंडून घ्या लागतीन, माह्या बोलीत. नाई तं माहा चेहराबी भेटणार नाई. म्हातारी झाली तरी नाई.