ट्रॉलीतल्या काकड्या

आमचा ट्रॅक्टर गोदावरीतून वाळू भरून येताना धरला, अन् कागदावर चोर म्हणून माझं नाव लागलं. मी तर घरी भाकरी थापून राह्यलते. पण जमीन माझ्या नावावर, म्हणून ट्रॅक्टरबी माझ्याच नावावर. मालक जाऊन लई वर्सं झाली. पोरगा म्हणला, "आई, सही तुलाच करावी लागंल." म्हणलं, "वाळू तू आणायची अन् पोलीस मला बघायचे. चल."

तहसीलच्या आवारात धरलेल्या गाड्या हुभ्या होत्या. एकाला चाक न्हाई, एकाची शीट गायब, बॅटरी तर बहुतेकांची गेल्ती. ते बघून पोराचं तोंड उतरलं. त्याच ट्रॅक्टरवर तो लोकांची रानं नांगरून द्यायचा, घर त्याच्यावर चालायचं. बॅटरी गेली, सामान गेलं, तर सुटूनबी काय उपेग?

मंग मी रोज येष्टीनं जायला लागले अन् ट्रॅक्टरच्या सावलीत बसायला लागले. शिपायानं हटकलं.

"आज्जे, इथं बसता येत न्हाई. सरकारी आवार हाये."

"मंग बॅटरी तू राखतो का?"

"ते माझं काम न्हाई."

हाकलून दिलं. घरी येताना येष्टीत डोक्यात आलं. माझं माहेर नदीकाठचं. पाणी आटलं की बाप वाळूतच वाडी लावायचा. वाळूत खड्डा करायचा, तळाला शेणखत घालायचं, वर काकडीचं बी. आमच्या ट्रॉलीत तर वाळू भरलेलीच होती!

कुंभार पिंपळगावच्या बाजारातून बी आणलं. पदराखाली शेणखताची पिशवी नेली. ट्रॉलीत चढून, आळी करून, बी लावून टाकलं. दुसऱ्या दिशी शिपाई पुन्हा आला.

"पुन्हा आली का?"

"बसायला न्हाई आले बाबा. पाणी घालायला आले."

तो गेला क्लार्कसायबाला इचारायला. सायेब बाहेर आले, ट्रॉलीत डोकावले, डोकं खाजवलं. ट्रॉलीत पेरू नये असा कायदा त्यान्ला काही सापडंना. म्हणले, "घालू दे पाणी."

दंड भरला, अर्ज दिला, कागद प्रांताच्या हापिसात गेले अन् तिथंच बसले. पोरगा खेटे घालायचा, मी पाणी. वेल वाढला तसा मी त्येला ट्रॉलीवरून पुढं वळवला, इंजिनावर चढवला, बॅटरीच्या पेटीवर तर दाट पसरवला. ऊन मरणाचं होतं. मी डोक्यावर पदर घेऊन बसायची. ऊन काय, जल्मभर सोसलं.

काकड्या लागल्या अन् मजा झाली. बॅटरी राखायला कुणी येत न्हवतं, पण काकड्या राखायला समदं हापिस आलं. शिपाई पोरान्ला हाकलायचा, "ए, वेलाला हात लावू नको!" माझी येष्टी चुकली तर मी पोचायच्या आधी त्यानं पाणी घातलेलं असायचं. क्लार्कसायेब जेवताना खिडकीतून हात काढायचे, "आजी, एक कवळी बघा." टेबलाच्या खणात त्यांनी मिठाची पुडी ठिवल्ती.

शेवटाला हुकूम आला. पुन्हा असं करणार न्हाई, असं मी बाँडवर लिहून दिलं. क्लार्कसायेब टेप घेऊन आले. ट्रॉलीतली वाळू सरकारजमा करून मंग ट्रॅक्टर न्यायचा होता. मोजली, तर वाळू कमी भरली. पाणी पिऊन पिऊन ती बसल्ती.

"आजी, वाळू कमी हाये. वर कळवावं लागंल. पुढच्या महिन्यात या."

नांगरटीचे दिवस निघून चालल्ते.

मी म्हणलं, "बराबर हाये सायेब, कळवा. पण समदं कळवा. वाळू सरकारची, पाणी सरकारच्या नळाचं, मंग काकडीबी सरकारचीच. कुणी कुणी खाल्ली ते लिहा. मी खाली अंगठा देते."

"अहो, काकड्या तुमच्या!"

"माझ्या कशा? मी तर वाळूचोर. खणातल्या मिठाचंबी लिहा."

शिपाई तोंड दाबून हसून राह्यला. सायबानी टेप गुंडाळला. म्हणले, "पाण्यानं वाळू बसलेली दिसती, असं लिहितो. जल्दी उतरवा अन् न्या एकदाचा."

वाळू वेलासगट भिंतीकडंला उतरवली. पोरानं चावी फिरवली, अन् पहिल्या झटक्याला ट्रॅक्टर सुरू झाला. बॅटरी जागच्या जागी होती.

वेलावर एक काकडी मी मुद्दाम पिकू दिल्ती, पिवळीधमक. तेवढी तोडून पदरात बांधली. पोरानं इचारलं, "आई, ही कशाला?"

"बियाला."

"आता बी कशाला लागतं?"

म्हणलं, "तू सुधरला तर परड्यात लावीन. न्हाई सुधरला तर पुन्हा येऊ इथं. शिपाई वळखीचाच हाये."