आईच्या सुरकुत्या

आईचं चित्र काढायला दिलं होतं. भिंतीला टेकवलेलं ते पाहिलं आणि माझं डोकं फिरलं. जुन्या कपड्यांच्या बदल्यात दारोदार भांडी देत हिंडलेली माझी आई त्यात गोरीपान झाली होती. नाकात मोत्यांची नथ आली होती, कपाळावरचं गोंदण गेलं होतं आणि गाल गुळगुळीत झाले होते.

"शेठ, सगळे असंच करून घेतात," चित्रकार म्हणाला.

ते मात्र खरं. संग्रहालयांतून मी हेच पाहत आलोय. इजिप्तच्या दगडी राजांना म्हातारपण येत नाही. मुघल बादशहाच्या डोक्यामागे तेजोवलय असतं, आणि युरोपातल्या राणीच्या गालावर देवीचा एक व्रण दिसेल तर शपथ. बादशहामागे चवरी ढाळणारा नोकर मात्र चित्रकाराला दिसला तसाच उतरलेला असतो. त्याला कोण विचारणार? पण माझी नजर त्याच्यावरच थांबते.

आईला लोकांनी जन्मभर पायरीवर थांबवलं. आता मी तिला आत घेतोय, तर तिनं चेहरा बदलून यायचं?

"नथ काढा. गोंदण घाला. सुरकुत्या परत आणा."

"बरं, डोळ्यांपाशी दोन ठेवतो."

"दोन कशाला? सगळ्या."

"कपाळावरच्या तरी सोडा, शेठ!"

"एकही सोडणार नाही. उन्हातान्हात फिरून मिळवल्यात तिनं त्या."

तो वैतागला. "मग दिवाणखान्यात शोभणार नाही हे चित्र."

"दिवाणखाना मी बांधलाय," मी म्हणालो. "तो तिला शोभतो का, ते आधी बघू."