कोचबाईंचा शर्यतीचा सूट

कतारमध्ये अल रय्यानला आम्ही राहतो त्या कंपाउंडपासून पोहण्याचा तलाव गाडीने दहा मिनिटांवर आहे. रविवार, मंगळवार आणि गुरुवारी ताई ऑफिसातून आल्या की मला आणि त्यांच्या मुलीला तिथे सोडतात. ताई नाशिकच्या. साहेब मेसईदला खताच्या कारखान्यात इंजिनिअर आहेत. मी त्यांच्याकडे स्वयंपाकाला आणि मुलीला सांभाळायला आले, त्याला सहा वर्षं झाली.

बायकांच्या वेळेत तलावावर पुरुष येत नाहीत. कपडे बदलायच्या खोलीच्या दाराशी एक बाक आहे, त्यावर मी टॉवेल घेऊन बसते. मला बोलायला फारसं जमत नाही. हिंदी येते, पण वाक्य तोंडाशी येईपर्यंत समोरचा माणूस निघून गेलेला असतो. बाकावर कुणी काही विचारत नाही, म्हणून ती जागा मला आवडायची.

मुलीला शिकवणाऱ्या कोचबाई एस्टोनिया देशाच्या आहेत. मुलीने तो देश मला शाळेच्या नकाशात दाखवला. वरच्या बाजूला, समुद्राकाठी, करंगळीच्या नखाएवढा. क्लास संपला की कोचबाई माझ्याच बाकावर बसून घरून आणलेला काळा पाव खायच्या. मुलगी आमच्या मध्ये बसायची आणि त्यांचं इंग्रजी मला मराठीत सांगायची. पाच मिनिटांचं बोलणं ती चार शब्दांत उरकायची.

"त्या म्हणतात, तिथे खूप थंडी."

"अगं, एवढं बोलल्या त्या!"

"बाकीचं पण थंडीबद्दलच होतं, मावशी."

असं तुकड्यातुकड्याने मला त्यांचं सगळं कळलं. सहा वर्षांच्या असताना आईने त्यांना पोहायला घातलं, कारण गावाला समुद्र लागून होता आणि पोरं बुडायची. तेराव्या वर्षी त्या शाळेच्या आधी, अंधार असताना पोहायला जायच्या. परत येताना ओले केस रस्त्यात गोठून काड्यांसारखे व्हायचे, आणि त्या ते मोडून बघायच्या. पोहण्याच्या चार तऱ्हा आहेत, त्यातली बेडकासारखे पाय मारायची ती त्यांची. सोळाव्या वर्षी त्या तऱ्हेत त्यांच्या देशात त्यांच्याइतकं जोरात कुणी पोहत नव्हतं. दोनदा देशाच्या टीममधून बाहेरदेशी गेल्या. तिसऱ्या वेळी, सगळ्यात मोठी स्पर्धा होती त्या वर्षी, त्यांचा गुडघा गेला. चुटकी वाजवायला लागतो त्याहून कमी वेळाने त्या मागे राहिल्या. मग पोहणं सोडलं आणि दोन वर्षं एका रंगाच्या दुकानात काम केलं. त्या दोन वर्षांत तलावाच्या रस्त्यानेसुद्धा गेले नाही, असं त्या म्हणाल्या.

इकडे कतारला त्या मुलांना शिकवायला आल्या. पाय कसे मारायचे ते मुलांना दाखवताना एक दिवस त्यांच्या लक्षात आलं की गुडघा दुखत नाहीये. त्या दिवसापासून त्या पुन्हा लागल्या. सकाळी मुलांच्या आधी, संध्याकाळी मुलांच्या नंतर. वय एकतीस. त्यांच्याबरोबरीच्या मुलींची लग्नं होऊन पोरं शाळेत गेली होती.

त्यांच्या देशाची टीम उन्हाळ्यात युरोपातल्या एका स्पर्धेला जाणार होती. टीममध्ये यायचं तर ठरलेल्या वेळेच्या आत चार फेऱ्या पोहून दाखवायच्या. त्यासाठी त्यांना दोह्यातल्या मोठ्या तलावावरची एकच स्पर्धा उरली होती. ती वेळ त्यांनी मुलीच्या वहीत लिहून दिली. मिनिटं, सेकंद आणि पुढे सेकंदाचे शंभर तुकडे करून त्यातले किती, तेही. मी चौथीपर्यंत शिकले, आकडे मला चांगले येतात. तो आकडा मी पाठ केला.

"इथे नाही जमलं तर?" मी मुलीला विचारायला लावलं.

कोचबाईंनी तळहात झटकले. "खलास."

शर्यतीचा सूट वेगळा असतो, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. गुडघ्यापासून खांद्यापर्यंत, कागदासारखा पातळ आणि इतका घट्ट की एकटीने घालायला अर्धा तास लागतो. पायाला प्लास्टिकची पिशवी लावून तो सरकवायचा, आणि मग बोटांच्या पेरांनी इंच इंच वर घ्यायचा. नख लागलं की संपलं. आधी त्यांची आई ते करायची, मग टीममधल्या मैत्रिणी. इथे त्यांना कुणी नव्हतं. स्पर्धेसाठी एक नवा सूट त्यांनी जपून ठेवला होता. स्पर्धेच्या आधीच्या आठवड्यात, गुरुवारी, तो घालून एकदा पोहून बघायचं त्यांनी ठरवलं. मुलीने ओढून पाहिलं, तिच्या हाताला काही जमेना.

"मावशी, तुला बोलावतायत. तुझे हात स्ट्राँग आहेत म्हणे."

मी हात धुऊन आत गेले. आधी मला फार लाज वाटली, मी नजर खालीच ठेवली. कोचबाई भिंतीला धरून दात आवळून उभ्या होत्या आणि म्हणत होत्या, "यल्ला, माउशी, यल्ला!" यल्ला म्हणजे अरबीत 'चल, लवकर', इथे सगळेच म्हणतात. थोड्या वेळाने लाज गेली आणि नुसतं काम उरलं. उशीला तोकडा अभ्रा चढवताना कोपरे बसवत जावे लागतात, तसं. पंधरा मिनिटांत सूट बसला. त्या पोहून आल्या, घड्याळ पाहिलं आणि माझ्या खांद्यावर थाप मारली. मुलीचा पोहण्याचा ड्रेस मी गोड्या पाण्यात काढून सावलीत वाळवते, तसाच हा सूटही मी धुऊन आणते म्हटलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी दोरीवरून काढताना मला कमरेपाशी चीर दिसली. तांदळाच्या दाण्याएवढी. मी लगेच माझ्या डाव्या हाताकडे पाहिलं. हिरव्या बांगड्यांतल्या एकीचा ओट्यावर आपटून टवका उडालेला होता, आणि त्या टवक्यात काळा धागा अडकला होता.

माझ्या आईच्या रफूला गावात नाव होतं. तिनेच मला शिकवलं. साहेबांचा कोट मी असा रफू केला आहे की त्यांना स्वतःला जागा सापडत नाही. मी साहेबांच्या टाकून दिलेल्या काळ्या मोज्यातून ताणणारा धागा काढला, सगळ्यात बारीक सुई घेतली आणि दोन दुपारी खिडकीपाशी बसून ती चीर भरली. शेवटी बोट फिरवलं तरी कळेना. मला बरं वाटलं. आता सांगायची गरज नाही, असं मी ठरवलं. खरं म्हणजे सांगायचं तर बोलावं लागलं असतं. रविवारी सूट मी घडी करून परत दिला. त्यांनी तो न उघडता बॅगेत ठेवला.

गुरुवारी, स्पर्धेच्या दोन दिवस आधी, कोचबाईंनी मुलांना काठावर बसवून स्पर्धेचे नियम सांगितले. गाडीत केळं खाता खाता मुलगी आईला ते सांगत होती.

"मम्मा, इमॅजिन, सूटला छोटीशी टेप लावली ना, तरी बाहेर! शिवलेलं पण नाही चालत."

"कोण बघतं एवढं?" मी मागून विचारलं.

"असतात तिथे. चेक करतात सगळं."

"आणि नाही दिसलं तर?"

"नंतर दिसलं तर रेस कॅन्सल. पण मावशी, तू का विचारतेस?"

ताईंनी आरशातून माझ्याकडे पाहिलं. "मावशी, बरं नाही का? चेहरा बघा तुमचा."

घरी जाऊन मी कणीक मळायला घेतली आणि तशीच उभी राहिले. मग ताईंना म्हटलं, "उद्या सकाळी मला तलावावर सोडाल?"

"उद्या शुक्रवार. क्लास कुठे आहे?"

"मुलगी नको. मी एकटी."

"तुम्ही? एकट्या?" ताईंनी गॅस बंद केला. मी सगळं सांगितलं. बांगडी, मोजा, सगळं. ताई म्हणाल्या, "अहो, मग मी फोन करून नीट इंग्लिशमध्ये सांगते ना. तुम्ही कशाला जाताय?"

"फाडलाय मी," मी म्हटलं. "मीच सांगते."

मुलीने मला इंग्रजी वाक्य शिकवलं. पोळ्या लाटताना मी ते म्हणत राहिले. चौथ्या पोळीला ते यायला लागलं, पण सकाळी कोचबाई पाण्याबाहेर आल्या आणि ते वाक्य कुठल्या कुठे गेलं. मी त्यांच्या बॅगेकडे बोट दाखवलं. सूट काढायला लावला, कमरेवरच्या जागेवर बोट ठेवलं, मग बांगडी पुढे केली आणि मराठीतच म्हटलं, "मी फाडला. मी शिवला."

त्यांना लगेच कळलं. त्यांनी कापड उजेडात ताणून पाहिलं. जागा सापडेना, तेव्हा मला पुन्हा दाखवावी लागली. त्यांनी एकच शब्द विचारला. "व्हेन?"

मी आठ बोटं वर केली. आठ दिवस.

तेव्हा त्यांचा चेहरा लाल झाला. आठ दिवसांत त्यांच्या देशातून दुसरा सूट मागवता आला असता. आता एक दिवस होता. चीर पडली ती चूक होती, पण मी आठ दिवस गप्प बसले हे त्याहून मोठं होतं, हे मला त्यांच्या तोंडाकडे बघून समजलं. त्या समोरच्या भिंतीपर्यंत चालत गेल्या, त्यांच्या भाषेत मोठ्याने काहीतरी बोलल्या आणि परत आल्या. मी जागची हलले नाही. जा म्हणाल्या असत्या तर गेले असते.

त्यांनी बॅगेतून एक जुना सूट काढला. मागे विटलेला, ताणून सैल झालेला. तो माझ्यासमोर धरला.

"टुमॉरो. यू. हँड्स." मग माझ्या बांगड्यांवर बोट आपटलं. "नो."

संध्याकाळी मी गावी फोन लावला. सवाष्ण बाईने हात रिकामे ठेवू नयेत, म्हणून आमच्या ह्यांना विचारलेलं बरं.

"अहो, उद्या बांगड्या उतरवणार आहे."

"का? काय झालं?"

"शर्यत आहे. पोहायची."

"तुझी?" ते इतके हसले की त्यांना ठसका लागला. "काढ की. माझा श्वास काय तुझ्या बांगड्यांतून चाललाय?"

साबण लावून मी सगळ्या बांगड्या उतरवल्या आणि दोन्ही मनगटांना हळदीत बुडवलेला मऊ दोरा बांधला. नखं मुळापर्यंत कापली.

शनिवारी दोह्याच्या मोठ्या तलावावर कोचबाईंनी माझ्या गळ्यात एक कार्ड अडकवलं, त्यामुळे मला आत सोडलं. ताई आणि मुलगी वर गॅलरीत बसल्या. जुना सूट लवकर चढला, पण पाठीशी एक चुणी राहिली. ती मला दिसली होती. वेळ होत आली म्हणून मी सोडून दिली. कोचबाई सकाळच्या शर्यतीत पोहल्या. मी दारातून भिंतीवरच्या विजेच्या पाटीवरचा आकडा वाचला. एकतीस तुकडे जास्त.

त्या बाहेर आल्या, टोपी काढली, पाणी प्यायल्या आणि सहा बोटं दाखवली. संध्याकाळी सहाला अंतिम शर्यत होती, त्यांना तीत जागा मिळाली होती, म्हणजे अजून एक संधी होती. मग अर्धा काळा पाव त्यांनी मला दिला. आंबट लागतो. मी त्यांना माझं थालीपीठ दिलं, ते त्यांनी सगळं खाल्लं. नंतर टॉवेल उशाला घेऊन आणि पाय भिंतीला टेकवून त्या तासभर झोपल्या. दार आपटू नये म्हणून मी ते हाताने धरून बसले.

संध्याकाळी मी वेळेच्या बऱ्याच आधी सुरुवात केली. घाई केली नाही. गुडघ्यापासून वर, दोन्ही बाजू सारख्या, एकही चुणी न ठेवता. पाठीशी आल्यावर मी पुन्हा गुडघ्यापासून धरलं आणि सगळं दुसऱ्यांदा वर घेतलं. कापड सैल होतं, पण जागच्या जागी बसलं. त्यांनी हात फिरवून पाहिले, वाकून पाहिलं. तपासणाऱ्या बाईंनी सूट मागून पुढून पाहिला आणि मान हलवली. कोचबाईंनी माझ्या मनगटावरच्या दोऱ्याला बोट लावलं आणि माझ्याकडे पाहिलं.

"यल्ला," मी म्हटलं. त्यांना कळणाऱ्या भाषेत त्यांच्याशी बोललेला माझा तो पहिला शब्द.

चार फेऱ्या. पहिल्या दोन फेऱ्यांत त्या चौथ्या होत्या. तिसरीत कोण कुठे आहे ते मला कळेना, नुसती डोकी वर येत होती आणि खाली जात होती. चौथीत त्यांच्या बाजूची मुलगी त्यांच्या पुढे होती आणि पुढेच राहिली. मला तिच्याशी देणंघेणं नव्हतं. कोचबाईंनी भिंतीला हात लावला तेव्हा मी पाटीकडे पाहत होते.

त्यांच्या चष्म्यात वाफ धरली होती. त्यांना पाटी दिसेना. चष्मा ओढून काढता काढता त्यांनी दाराकडे, माझ्याकडे पाहिलं. मी नऊ बोटं वर केली. मग वाटलं, नऊ जास्त की नऊ कमी, हे त्यांना कसं कळणार?

"कमी!" मी ओरडले. "नऊ कमी! कमी!"

मी इतक्या जोरात याआधी कधी ओरडले नव्हते. काठावरच्या सगळ्या बायका वळल्या. वरून मुलीने तेच इंग्रजीत ओरडून सांगितलं. कोचबाईंनी पाण्यावर जोरात हात मारला आणि डोकं पाण्यातल्या पट्ट्यांमधल्या दोरीवर टेकवलं.

रविवारी मी बांगड्या पुन्हा चढवल्या. टवक्याची तेवढी टाकून दिली. कोचबाईंचा नवा सूट आता मागवून झाला आहे, तो उन्हाळ्यात त्यांच्याबरोबर जाईल. रफू केलेला त्या रोज सरावाला घालतात, सरावाला कुणी तपासत नाही. मी मुलीकरवी विचारलं, तिकडे सूट कोण चढवणार?

"टीममधल्या मुली," मुलगी म्हणाली.

"त्यांना सांग, नखं कापायला लावा. आणि बांगड्या..."

"मावशी, तिकडे बांगड्या कुणीच घालत नाही!"

तरी मी तिला तेही सांगायला लावलं. कोचबाई हसल्या नाहीत. त्यांनी मान हलवली, आणि धुवायचा सूट माझ्या मांडीवर ठेवला.