वरची करणी, खालची करणी

मुलं पास होऊन निघून जातात, त्यांच्या चुका मात्र माझ्याकडेच राहतात. हिंदी मुलखातल्या आमच्या लालबागला मी दहावीच्या गणिताची ट्यूशन घेते. चार मैत्रिणी चहाला जमल्या की हे सगळं बाहेर पडतं!

*

√२ सारख्या संख्येला आपल्या पुस्तकात 'करणी' म्हणतात. छेदात करणी असली की ती काढायची, हा नियम. एकदा कुणाच्या तरी आई दारात उभ्या राहून ऐकत होत्या. क्लास सुटल्यावर हळूच म्हणाल्या, "मॅडम, जुनी करणी पण काढता का?"

*

गोलू म्हणजे आळशांचा राजा. म्हणाला, "रहने दो ना मॅडम! खाली √२ राहिलं तर काय बिगडतं?"

म्हटलं, राहू दे. √२ म्हणजे १.४१४. आता एकाला १.४१४ ने भाग, हाताने!

अर्धं पान भरल्यावर घाम पुसत म्हणाला, "निकाल ही डालो, मॅडम!" मग वर-खाली √२ ने गुणलं. उरलं १.४१४ भागिले दोन. ते त्यानं तोंडीच सांगितलं.

*

वरच्या मजल्यावर माझ्या मोठ्या जाऊबाई राहतात. एकदा मी क्लासमध्ये ओरडले, "अगं, वरची करणी राहू दे, आधी खालची काढ!"

अंश-छेदाचं बोलत होते हो मी! पण जिन्यातल्या जाऊबाईंनी नेमकं तेवढंच ऐकलं. तेव्हापासून आमचा अबोला.

*

कल्पना जैनाबादच्या केळीवाल्यांची सून. गणितात आधी नापास झालेली. सासऱ्यांनी बजावलेलं, "यंदा शेवटचं. मग शिक्षण बंद."

आणि ही रोज छेदाला √५ ने गुणायची, अंशाला विसरायची! मला रात्री झोप लागेना.

शेवटी विचारलं, "घरात दोन जावा. एकीला साडी दिली, दुसरीला नाही, तर?"

"बाप रे! महाभारत होईन, मॅडम!"

"मग? जे खाली दिलं, तेच वर द्यायचं."

*

कल्पना पास झाली! माझा जीव भांड्यात पडला. मावा जिलेबीचे दोन पुडे घेऊन आली, पाया पडली, एक पुडा माझ्या हातात दिला आणि दुसरा घेऊन थेट जिना चढायला लागली.

"अगं, तिकडे कुठे?"

"खाली दिलं ते वर बी द्या लागते ना, मॅडम!"

मी खालीच उभी, जिन्याकडे कान लावून. मग वरून जाऊबाईंचा आवाज आला, "बस गं, चहा टाकते. अन् त्या खालचीले बी हाक मार!"